नागरिकत्वाचा पाठ आणि तांदळाचे माप

शाळाभेटीच्या निमित्ताने मी वर्गात मागे जाऊन बसतो, तेव्हा नागरिकशास्त्राचा तास बहुधा एकाच पद्धतीने चाललेला आढळतो. गुरुजी विचारतात, "मूलभूत हक्क कोणते?" एखादा चुणचुणीत मुलगा उभा राहतो आणि समतेच्या हक्कापासून घटनात्मक उपाययोजनेच्या हक्कापर्यंत सहाही हक्क एका दमात म्हणून दाखवितो. मुले टाळ्या वाजवितात. उत्तर अचूक असते आणि शिक्षकांच्या तयारीतही उणे काढावे असे काही नसते. तथापि तास संपल्यावर त्याच मुलाला मी कधी कधी व्हरांड्यात विचारतो, "यांपैकी तुझ्याजवळ कोणता हक्क आहे?" तेव्हा तो गोंधळतो आणि गुरुजींच्या तोंडाकडे पाहू लागतो. सुपा परिसरातील एका शाळेत एका मुलीने मात्र न अडखळता उत्तर दिले, "ते मोठ्या माणसांचे असतात."

तिचे उत्तर चूक म्हणून मोडीत काढता येईल. पण तिने ते कोठून शिकले असावे याचा विचार केला, तर दोष आपल्याकडेच येतो. पाठ्यपुस्तकात हक्क छापलेले असतात. प्रत्येक पुस्तकाच्या आरंभी संविधानाची उद्देशिका असते, आणि २६ जानेवारी २०२० पासून परिपाठात तिचे सामूहिक वाचन करण्याचा आदेश राज्य शासनाने दिला. मुले ती खणखणीत आवाजात म्हणतात. इतके करूनही हक्क म्हणजे आपल्या रोजच्या जगण्यातली, मोजून घेता येणारी वस्तू आहे असे मुलाला वाटत नाही. असे का होते, हे मी स्वतःच्या एका चुकीवरून सांगतो.

सुमारे तीस वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. मी नुकताच अध्यापक विद्यालयातून बाहेर पडून एका लहान गावी शिक्षक म्हणून रुजू झालो होतो. गावाचे नाव येथे सांगण्याचे प्रयोजन नाही. १९९५ साली केंद्र शासनाने शालेय पोषणाची योजना सुरू केली आणि पहिली ते पाचवीच्या ज्या मुलांची उपस्थिती शेकडा ऐंशी भरेल, त्यांना दरमहा तीन किलो तांदूळ घरी नेण्यास मिळू लागला. आमच्या शाळेत तांदळास पात्र अशी साठेक मुले होती. प्रत्येकाला तराजूने तोलून देण्यात अर्धा दिवस जाई, म्हणून मी एक युक्ती काढली. एका जुन्या डब्यात एकदा तीन किलो तांदूळ तोलून भरला, आतून खूण केली आणि पुढे त्या खुणेपर्यंत डबा भरून तांदूळ वाटू लागलो. वर्गप्रमुख मुले भराभर डबे ओतीत. काम तासाभरात उरके.

एके दिवशी वाटपानंतर पाचवीतला एक मुलगा पिशवी घेऊन परत आला. त्याने सर्वांसमक्ष सांगितले, "गुरुजी, दुकानात तोलला. दोन किलो सहाशे ग्रॅम भरला." त्याच्या बोलण्यात उर्मटपणा नव्हता. मला मात्र तो चोरीचा आळ वाटला. मी त्याच्या हातावर दोन छड्या मारल्या आणि "मला शिकवतोस काय?" असे विचारून त्याला जागेवर बसविले.

महिनाअखेर साठा नोंदवही पाहिली, तेव्हा जवळजवळ अर्धे पोते जास्त शिल्लक निघाले. साठ मुले आणि प्रत्येकी चारशे ग्रॅम कमी, म्हणजे चोवीस किलो. हिशेब तंतोतंत जुळत होता. डब्यातली खूण पुसट झाली होती आणि मुले तिच्या बरीच खाली थांबत होती. पुढच्या महिन्यापासून मी तराजू आणला आणि राहिलेला तांदूळही वाटून टाकला. पण तुझे म्हणणे बरोबर होते, हे त्या मुलाला मी कधीच सांगितले नाही. वर्षअखेरीपर्यंत त्याने मला दुसरा प्रश्न विचारला नाही. परीक्षेत 'हक्क व कर्तव्ये' या भागावरचे त्याचे उत्तर पूर्ण गुणांचे होते आणि ते गुण मीच दिले होते.

त्या मुलाने नागरिकाचे काम बिनचूक केले होते. आपल्याला काय मिळावयाचे आहे हे त्याला ठाऊक होते, मिळाले किती हे त्याने विश्वसनीय तराजूवर तपासले, आणि ज्याच्या हाती वाटप होते त्याच्यापाशीच येऊन त्याने सौम्य शब्दांत विचारले. कोणत्याही प्रौढ नागरिकाने याहून अधिक काय करावे? आणि मी त्याला त्या दिवशी जो धडा शिकविला, तो माझ्या त्या वर्षाच्या सगळ्या टाचणांपेक्षा त्याच्या लक्षात राहिला असणार.

शिक्षेविषयी थोडेसे. बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाच्या हक्काचा २००९ चा अधिनियम १ एप्रिल २०१० पासून अमलात आला. त्याच्या कलम १७ अन्वये शारीरिक शिक्षा व मानसिक त्रास या दोहोंस मनाई आहे. छडी आता बहुतेक शाळांतून गेली, ही समाधानाची गोष्ट होय. परंतु प्रश्न विचारणाऱ्या मुलाकडे पाहून "फार शहाणा झालास" असे म्हणण्याची सवय अद्याप गेलेली नाही, आणि तिचा परिणाम छडीपेक्षा फारसा वेगळा होत नाही.

पाठाची सुरुवात ताटापासून

माझी सूचना अशी की, हक्कांचा पाठ पुस्तकातील यादीवरून सुरू न करता मुलाच्या पुढ्यातील ताटापासून सुरू करावा. दुपारचा शिजविलेला आहार मुलांना कसा मिळू लागला, हे फार थोड्या वर्गांत सांगितले जाते. २००१ साली एका नागरी हक्क संघटनेने सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. गोदामांत धान्य पडून असताना लोक उपाशी का, असा त्या अर्जाचा आशय होता. २८ नोव्हेंबर २००१ रोजी न्यायालयाने सर्व राज्यांना आदेश दिला की, शासकीय व अनुदानित प्राथमिक शाळांतील प्रत्येक मुलास वर्षातून किमान दोनशे दिवस शिजविलेले जेवण द्यावे. पुढे २०१३ च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा अधिनियमाने ते जेवण हा सहा ते चौदा वर्षे वयाच्या मुलांचा कायदेशीर हक्क झाला. म्हणजे आपल्या मुलांच्या ताटातील खिचडी ही कोणाची मेहेरबानी नाही. जगण्याच्या हक्कात अन्नाचा हक्क येतो, हे तत्त्व त्या ताटात आलेले आहे. मुलांना ही हकीकत गोष्टीसारखी सांगावी. ती मन लावून ऐकतात, असा माझा अनुभव आहे.

त्यानंतर गणिताचा तास जोडून घ्यावा. पहिली ते पाचवीच्या मुलास रोज १०० ग्रॅम व सहावी ते आठवीच्या मुलास १५० ग्रॅम धान्य, असे प्रमाण ठरलेले आहे. समजा, आपल्या शाळेत पहिल्या गटात ४८ व दुसऱ्या गटात २१ मुले आहेत. सर्व हजर असतील, तर ४ किलो ८०० ग्रॅम आणि ३ किलो १५० ग्रॅम मिळून ७ किलो ९५० ग्रॅम तांदूळ शिजला पाहिजे. पहिल्या गटातील पाच मुले गैरहजर असली, तर ७ किलो ४५० ग्रॅम. हा हिशेब चौथीतील मुलास सहज जमतो. हजेरी झाल्यावर दोन मुलांनी तो फळ्यावर मांडावा आणि स्वयंपाकाच्या ताईंनी तांदूळ तोलताना शेजारी उभे राहून काटा वाचावा. पोती येतील त्या दिवशी वरच्या वर्गाला आणखी एक उदाहरण मिळते: पोत्यावरील छापील वजन, तराजूवरील वजन, त्यातून वजा करावयाचे बारदानाचे वजन, आणि उरलेले निव्वळ वजन. पुस्तकातील व्यापाऱ्याच्या काल्पनिक साखरेपेक्षा हे उदाहरण मुलांना अधिक जवळचे वाटते.

येथे शिक्षकबंधुभगिनींच्या मनात येणारी शंका मला ठाऊक आहे. एका शिक्षण परिषदेत एका अनुभवी मुख्याध्यापकांनी ती उघड बोलून दाखविली. ते म्हणाले, "साहेब, पोते कमी भरले तर मुले घरी जाऊन सांगतील आणि गाव आमच्या अंगावर येईल." शंका रास्त आहे. आपण वर्गात शिकवितो, मोबाईलवर रोजची माहिती भरतो, साठा सांभाळतो आणि वर कमी-जास्तीची जबाबदारीही आपल्याच माथी येते. पण नीट विचार केला, तर या प्रसंगी न तोलता पोते उतरवून घेणाराच अडचणीत येतो. पोते शाळेच्या दारात, शाळा व्यवस्थापन समितीच्या एकदोन सदस्यांसमक्ष आणि मुलांसमक्ष तोलले, कमी भरल्यास तसा शेरा पोहोच पावतीवर लिहून घेतला, तर तीच मुले आपली साक्षीदार होतात. कायद्याने या समितीत किमान तीन चतुर्थांश सदस्य पालक असावयाचे आहेत आणि एकूण सदस्यांत निम्म्या स्त्रिया असावयाच्या आहेत. त्या मातांना सह्या करण्यापुरते न बोलाविता पोते तोलण्यास बोलवावे. एका आईने काटा वाचला, की गावातील निम्म्या कुजबुजी थांबतात.

विचारण्याची रीत

विचारण्याचे शिक्षण देताना एक पथ्य पाळले पाहिजे. प्रश्न आणि आरोप यांतील भेद मुलांना प्रथम शिकवावा. "तांदूळ कमी आहे" असे नुसते म्हणणारा मुलगा आणि "तोलला, इतका भरला, इतका हवा होता" असे सांगणारा मुलगा, या दोघांत मोठे अंतर आहे. आधी तोलावे, मग विचारावे, आणि समोरच्याचे उत्तर पूर्ण ऐकून घ्यावे. माझ्या जुन्या डब्याची गोष्ट मी हल्ली वर्गात सांगतो. मुले विचारतात, "मग गुरुजी, तुम्ही चोर होता का?" मी म्हणतो, "नव्हतो, पण मी ऐकून घेतले असते तर त्याच दिवशी कळले असते की चूक डब्याची आहे." चूक, गफलत आणि लबाडी या तीन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मुलांना कळणे आवश्यक आहे. अन्यथा हक्कांच्या नावाखाली आपण भांडखोरपणा शिकवू, आणि तसे झाले तर पालकांची तक्रार वाजवी ठरेल.

या रीतीचा इतिहास मात्र मुलांना अभिमानाने सांगावा, कारण त्याचा एक भाग आपल्या पारनेर तालुक्यातच घडला आहे. राजस्थानात मजूर किसान शक्ती संघटनेने १९९४ च्या डिसेंबरात जनसुनावणी भरविली. गावच्या कामांचे हजेरीपट लोकांसमोर मोठ्याने वाचले जाऊ लागले आणि कामावर न आलेल्यांच्या नावावर मजुरी निघाल्याचे लोकांनी जागच्या जागी दाखवून दिले. महाराष्ट्रात राळेगणसिद्धीच्या अण्णा हजारे यांनी माहितीच्या अधिकारासाठी दीर्घ चळवळ केली आणि ऑगस्ट २००३ मध्ये मुंबईच्या आझाद मैदानावर उपोषण केले. त्याच महिन्यात राज्याच्या कायद्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. पुढे १२ ऑक्टोबर २००५ पासून संपूर्ण देशासाठी केंद्रीय माहिती अधिकार अधिनियम पूर्णपणे लागू झाला. अण्णांच्या नंतरच्या आंदोलनांविषयी मतभेद असू शकतील. त्यांत वर्गाने शिरण्याचे कारण नाही. हजेरीपट आणि साठा नोंदवही लोकांनी पाहावी, एवढ्या साध्या मागणीतून देशाचा एक कायदा निर्माण झाला, एवढे मुलांपर्यंत पोहोचले तरी पुष्कळ झाले.

या कायद्यातील दोन तरतुदी मराठीच्या तासाला फार उपयोगी पडतात. पहिली अशी की, हा अधिकार नागरिकांना आहे आणि त्यासाठी वयाची अट घातलेली नाही. २०१२ साली लखनौच्या एका शाळकरी मुलीने अर्ज करून विचारले होते की, गांधीजींना राष्ट्रपिता ही पदवी शासनाने कोणत्या आदेशाने दिली. तसा आदेश आढळत नाही, असे उत्तर तिला मिळाले. दुसरी तरतूद अशी की, माहिती का हवी याचे कारण अर्जदाराने द्यावे लागत नाही. सातवीच्या वर्गाला मी एकदा असा अर्ज लिहावयास सांगितला. विषय होता, गावातील हातपंपाची दुरुस्ती शेवटची केव्हा झाली व तिला किती खर्च आला. बहुतेक मुलांनी आरंभीच लिहिले, "मी गरीब विद्यार्थी असून कृपाळू होऊन..." आपण पत्रलेखनात हीच भाषा पिढ्यान्‌पिढ्या शिकवीत आलो आहोत. रजेच्या अर्जाला ती ठीक असेल. परंतु जेथे उत्तर देणे हे कार्यालयाचे कर्तव्य आहे, तेथे याचना कशासाठी? नम्रता ठेवावी, दैन्य काढून टाकावे. विषय, मागितलेली माहिती, तिचा कालावधी, दिनांक आणि सही एवढे पुरे. मुलांनी तो अर्ज पुन्हा लिहिला, तेव्हा तो निम्म्याहून लहान झाला आणि अधिक चांगलाही झाला. तो प्रत्यक्ष पाठविण्याची घाई करू नये. ग्रामपंचायत अधिकाऱ्यांना वर्गावर बोलावून तेच प्रश्न मुलांनी समक्ष विचारावेत, हे प्राथमिक शाळेस अधिक शोभते.

ज्यांचे नाव हजेरीपटावर नाही

वरील सर्व गोष्टी पटावरील मुलांपुरत्या झाल्या. सुपा परिसरात औद्योगिक वसाहत वाढल्यापासून परप्रांतांतून आलेल्या कामगारांची मुले भाड्याच्या खोल्यांतून राहतात. ऊसतोडणीच्या हंगामात जिल्ह्यातील अनेक कुटुंबे कोप्यांवर जातात. आपल्या तालुक्यातील मेंढपाळ दिवाळीनंतर कळप घेऊन कोकणाकडे उतरतात आणि पावसाळ्याच्या तोंडावर परततात. अशी एक आई मुलाचे बोट धरून शाळेच्या दारात येते, तेव्हा तिला अनेकदा ऐकावे लागते, "आधीच्या शाळेचा दाखला आणा, मग पाहू." ती जाते आणि पुन्हा येत नाही.

या वाक्यास कायद्याचा आधार नाही, हे मी स्पष्टपणे सांगू इच्छितो. शिक्षण हक्क अधिनियमाच्या कलम ५ प्रमाणे दाखला येण्यास उशीर झाला म्हणून प्रवेश लांबविता किंवा नाकारता येत नाही, आणि जुन्या शाळेच्या मुख्याध्यापकांनी दाखला त्वरित द्यावयाचा असतो. कलम १४ प्रमाणे वयाचा पुरावा नाही एवढ्या कारणावरून प्रवेश नाकारता येत नाही. कलम ४ प्रमाणे मुलास त्याच्या वयास योग्य अशा वर्गात घ्यावयाचे आणि मागे पडलेला अभ्यास भरून काढण्यास साहाय्य करावयाचे असते. या तीन कलमांची माहिती वरच्या वर्गातील मुलांनाही द्यावी. एका शाळेत सहावीच्या मुलींनी आपल्या वाडीशेजारी उतरलेल्या दोन मुलांना स्वतःहून शाळेत आणले आणि बाईंना सांगितले, "यांच्याकडे दाखला नाही, पण चालतो ना?" बाईंनी त्या दोघांना त्याच दिवशी वर्गात बसविले. त्या मुलींना नागरिकशास्त्राची वेगळी परीक्षा घ्यावी असे मला वाटले नाही.

मुलींचा विषय निघालाच आहे, तर आणखी एक निरीक्षण नोंदवितो. तराजूचा काटा वाचावयाला मुलगे आणि वर्ग झाडावयाला मुली, अशी वाटणी मला अजूनही दिसते. शिक्षक ती मुद्दाम करीत नाहीत, ती आपोआप होते. अशा वर्गात हंसा मेहता यांची गोष्ट सांगावी. मुंबईतून संविधान सभेवर गेलेल्या हंसाबाई संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क आयोगावर भारताच्या प्रतिनिधी होत्या. मानवी हक्कांच्या जाहीरनाम्याच्या मसुद्यातील पहिल्या कलमात सर्व पुरुष असा अर्थ होणारा इंग्रजी शब्दप्रयोग होता. त्याने सर्व माणसांचा बोध होतो, असे इतर सदस्य म्हणत. हंसाबाईंनी आग्रह धरला की, उद्या कोणी त्याचा अर्थ फक्त पुरुष असाच घेईल. शेवटी सर्व मानव अशा अर्थाचे शब्द घालण्यात आले आणि १० डिसेंबर १९४८ रोजी पॅरिस येथे जाहीरनामा त्याच शब्दांनिशी स्वीकृत झाला. ही गोष्ट झाल्यावर वर्गातील कामांची यादी फळ्यावर लिहावी आणि कोणते काम कोण करतो हे मुलांनाच भरावयास सांगावे. पुढचे काम मुले स्वतः करतात. मी पाहिलेल्या एका वर्गात दुसऱ्या दिवसापासून काटा मुलींच्याही हाती आला आणि झाडू मुलांच्याही. एक मुलगा तेवढा दोन दिवस रुसून बसला होता.

या पाठासाठी निराळा खर्च लागत नाही. एक तराजू, एक फळा आणि साठा नोंदवही शाळेत असतेच. पटसंख्या, त्या दिवसाची उपस्थिती, लागणारे धान्य आणि शिजविलेले धान्य असे चार रकाने दर्शनी फळ्यावर आखून ते महिनाभर मुलांकडूनच भरून घ्यावेत. ज्या दिवशी मुलांनी एखादा प्रश्न विचारला, त्या दिवशी तो प्रश्न व त्यास आपण दिलेले उत्तर, दोन्ही टाचणवहीत लिहून ठेवावे. उत्तर देता आले नसेल, तर तसे लिहावे. पुढील शिक्षण परिषदेस येताना प्रत्येक शाळेने ती टाचणवही बरोबर आणावी. रकान्यांपेक्षा प्रश्नांची पाने आपण आधी वाचू.